पहिलं विमान माझं : एअर कमोडोर मेहर सिंग



‘मेहेरबाबा’ हे नाव घेतलं की आपल्या डोळ्यांसमोर नगरजवळचं मेहेराबाद येतं. तिथली समाधी, मौनव्रत, जगभरातून येणारे भक्त. पण हिंदुस्थानच्या हवाई दलात आणखी एक ‘मेहर बाबा’ होऊन गेले. ते संत नव्हते, वैमानिक होते. नाव मेहर सिंग. हाताखालचे वैमानिक त्यांना प्रेमाने ‘बाबा’ म्हणायचे. १९४७-४८ साली काश्मीर हातात राहिलं, पूंछ टिकलं, लडाख वाचलं, या तिन्ही गोष्टींमागे त्यांच्या पंखांचा मोठा वाटा आहे. तरीही आपल्या शाळेच्या पुस्तकांत त्यांचं नाव क्वचितच सापडतं.

आजच्या भागात आपण त्यांच्याबद्दल बोलणार आहोत. पण फक्त शौर्यकथा सांगायची नाही. एक प्रश्न मनात ठेवून हे आयुष्य पाहू या. ‘हे होणार नाही’ असं जेव्हा सगळे म्हणतात, नियमही तेच सांगतो, आणि तरीही ते केल्याशिवाय हजारो माणसं वाचणार नाहीत, तेव्हा सेनापतीने काय करायचं? हुकूम सोडायचा, की स्वतः पुढे व्हायचं? मेहर सिंगांचं उत्तर आयुष्यभर एकच होतं. पहिलं विमान माझं.

लायलपूरचा मुलगा

मेहर सिंग यांचा जन्म २० मार्च १९१५ चा. गाव लायलपूर, म्हणजे आजच्या पाकिस्तानातलं फैसलाबाद. हे गावाचं नाव लक्षात ठेवा, पुढे त्याचा संदर्भ येणार आहे.

त्या काळी हिंदुस्थानी माणसाने लढाऊ विमान चालवावं, ही कल्पनाच अनेक इंग्रज अधिकाऱ्यांना पटत नव्हती. घोड्यावर बसेल, रायफल चालवेल, पण यंत्र? ते याच्याच्याने सांभाळलं जाणार नाही, असा सूर होता. ८ ऑक्टोबर १९३२ रोजी हिंदी हवाई दलाची स्थापना झाली. १ एप्रिल १९३३ रोजी कराचीच्या ड्रिग रोड तळावर पहिली स्क्वाड्रन उभी राहिली. केवढी होती ती? वापिती जातीची चार विमानं आणि मूठभर हिंदुस्थानी अधिकारी. दुहेरी पंखांची, उघड्या कॉकपिटची, तेव्हाही जुनीच म्हणावीत अशी ती विमानं होती.

त्याच १९३३ साली मेहर सिंग यांची इंग्लंडमधल्या क्रॅनवेलच्या हवाई दल महाविद्यालयासाठी निवड झाली. १९३६ मध्ये ते अधिकारी होऊन परतले आणि याच पहिल्या स्क्वाड्रनमध्ये दाखल झाले. वय २१.

वझिरीस्तानातली रात्र

त्यांची पहिली लढाई झाली वायव्य सरहद्दीवर. वझिरीस्तानात तेव्हा इपीच्या फकिराने इंग्रजांविरुद्ध टोळीवाल्यांना उठवलं होतं. डोंगरातल्या अरुंद खिंडी, दोन्ही बाजूंना उंच कडे आणि त्या कड्यांवर बसलेले अचूक नेमबाज. इथे उडताना एक विचित्र गोष्ट व्हायची. विमान खिंडीत शिरलं की गोळ्या खालून नव्हे, कधी बाजूने तर कधी वरून यायच्या.

१९३७ मध्ये अशाच एका मोहिमेत मेहर सिंग यांच्या वापितीच्या पेट्रोलच्या टाकीला गोळी लागली. इंजिन बंद पडलं आणि विमान डोंगराळ मुलखात आदळत उतरवावं लागलं. सोबत मागच्या जागेवर बसलेले गनर होते गुलाम अली. टोळीवाल्यांच्या हाती सापडलं तर काय होतं, हे दोघांनाही ठाऊक होतं. दोघं विमानातून बाहेर पडले आणि अंधाराचा आसरा घेत, वाट चुकवत, लष्कराच्या ठाण्यापर्यंत सुखरूप पोचले.

एक शीख, एक मुसलमान. एकमेकांच्या भरवशावर काढलेली एक रात्र. पुढे दहाच वर्षांनी या देशाचं काय होणार होतं, ते आपण जाणतो. म्हणून ही रात्र मला महत्त्वाची वाटते. दुसरंही एक कारण आहे. आपल्या विमानात बसलेल्या माणसाचा जीव आपल्या हातात असतो, हे मेहर सिंग यांना वयाच्या बाविसाव्या वर्षी प्रत्यक्ष कळलं. हा धडा ते विसरले नाहीत.

चौदाव्या सेनेचे डोळे

आता येऊ दुसऱ्या महायुद्धाकडे. १ डिसेंबर १९४२ रोजी त्रिचनापल्लीत, म्हणजे आजच्या तिरुचिरापल्लीत, हवाई दलाची सहावी स्क्वाड्रन उभी राहिली आणि स्क्वाड्रन लीडर मेहर सिंग तिचे प्रमुख झाले. विमानं मिळाली हरिकेन जातीची. १९४० मध्ये ब्रिटनच्या आकाशात गाजलेलं हे विमान १९४३ च्या अखेरीस मागे पडलं होतं. जपान्यांची ऑस्कर विमानं जास्त चपळ होती.

१९४३ च्या अखेरीस ही स्क्वाड्रन कॉक्स बाजारला गेली. हे गाव आज बांगलादेशात आहे. समोर होता ब्रह्मदेशातला आराकानचा प्रदेश. काम कोणतं? टेहळणी आणि छायाचित्रण. ऐकायला सोपं वाटतं, पण जरा विचार करा. लढाऊ वैमानिकाला शत्रूचं विमान दिसलं तर तो त्याच्यावर तुटून पडतो. टेहळणी वैमानिकाला तशी मुभा नसते. त्याने पाहायचं, टिपायचं आणि ती माहिती घेऊन जिवंत परत यायचं. तो पडला तर माहितीही गेली. म्हणून ही हरिकेन विमानं जोडीने जात. एकाने जंगलाच्या शेंड्यांलगत उडत खालच्या वाटा, पूल, होड्या, शत्रूच्या हालचाली पाहायच्या आणि दुसऱ्याने त्याची पाठ राखायची.

या स्क्वाड्रनला नाव पडलं ‘चौदाव्या सेनेचे डोळे’. चौदाव्या सेनेचे सेनापती जनरल स्लिम यांनी युद्धानंतर लिहिलेल्या आपल्या ग्रंथात हिंदी हवाई दलाच्या टेहळणी स्क्वाड्रनच्या कामाची प्रशंसा केली आहे. जुनाट हरिकेन घेऊन हे वैमानिक वरचढ शत्रूसमोर पुन्हा पुन्हा जात, याची त्यांनी खास दखल घेतली. १९४४ मध्ये मेहर सिंग यांना डीएसओ हा सन्मान मिळाला. नेतृत्वासाठी दिला जाणारा हा मानाचा किताब. हिंदी हवाई दलाच्या अधिकाऱ्यांपैकी तो मिळवणारे ते एकटेच.

आराकानात मेहर सिंग असतानाच तिथे एक मोठा प्रयोग घडत होता. फेब्रुवारी १९४४ मध्ये जपान्यांनी सातव्या हिंदी डिव्हिजनला वेढलं. आधीच्या दोन वर्षांत वेढा पडला की माघार, हे ठरलेलंच होतं. या वेळी हुकूम वेगळा होता. जागा सोडायची नाही, अन्न आणि दारूगोळा आकाशातून येईल. आणि तो आला. डकोटा विमानांनी वेढलेल्या सैन्याला जगवलं आणि वेढा घालणाऱ्या जपान्यांचीच उपासमार झाली. पुढे मार्चमध्ये आराकानातून एक आख्खी डिव्हिजन विमानांनी उचलून इंफाळच्या आघाडीवर नेली.

युद्धाचं शास्त्रच इथे बदललं. वेढलेलं ठाणं म्हणजे गेलेलं ठाणं, हा जुना नियम मोडला. फक्त एक अट होती. वरून येणारी विमानं यायला हवीत. दररोज. काहीही झालं तरी.

दोन तुकडे

मग आला ऑगस्ट १९४७. देशाची फाळणी झाली तशी सैन्याचीही झाली. रायफली मोजून वाटल्या, ट्रक मोजून वाटले, टेबल-खुर्च्याही वाटल्या. हवाई दलाच्या स्क्वाड्रनचीही वाटणी झाली. मेहर सिंगांनी ब्रह्मदेशात घडवलेली सहावी स्क्वाड्रन आता डकोटा विमानांची वाहतूक स्क्वाड्रन झाली होती. ती पाकिस्तानच्या वाट्याला गेली. लायलपूरही पाकिस्तानात गेलं.

म्हणजे बघा, ज्या गावात जन्म झाला ते गाव पलीकडे आणि जी स्क्वाड्रन हातांनी उभी केली ती स्क्वाड्रनही पलीकडे. १९४८ मध्ये गिलगिट आणि स्कार्दूच्या बाजूला पाकिस्तानी फौजांना रसद टाकणारी डकोटा विमानं याच सहाव्या स्क्वाड्रनची होती. भारतात सहावी स्क्वाड्रन पुन्हा उभी राहिली ती १९५१ मध्ये.

भारताकडे वाहतुकीची एकच नियमित स्क्वाड्रन राहिली. बारावी. तिच्यात मोजकीच डकोटा विमानं.

२६ ऑक्टोबर १९४७ रोजी महाराजा हरिसिंग यांनी विलीनीकरणाच्या करारावर सही केली आणि २७ तारखेच्या सकाळी दिल्लीहून डकोटा विमानं श्रीनगरकडे निघाली. आत होते लेफ्टनंट कर्नल दिवाण रणजित राय यांच्या नेतृत्वाखालचे पहिल्या शीख बटालियनचे जवान. टोळीवाले बारामुल्लात पोचले होते. श्रीनगरचा विमानतळ अजून आपल्या हातात आहे की नाही, याचीही उतरेपर्यंत खात्री नव्हती. हवाई दलाच्या जोडीला खासगी विमान कंपन्यांच्या डकोटाही धावल्या.

जम्मू-काश्मीरच्या संपूर्ण हवाई कारवाईची सूत्रं ज्या ऑपरेशनल ग्रुपकडे आली, त्याचे प्रमुख झाले एअर कमोडोर मेहर सिंग. स्थलसेनेच्या ब्रिगेडियरच्या बरोबरीचा हा हुद्दा. वय अवघं ३२.

पूंछ : शरणार्थींनी बांधलेली धावपट्टी

काश्मीरचं खोरं वाचलं, पण पीर पंजालच्या दक्षिणेला पूंछ अडकलं. नोव्हेंबर १९४७ मध्ये लेफ्टनंट कर्नल प्रीतम सिंग आपली कुमाऊँ बटालियन घेऊन उरीकडून पूंछला पोचले, पण मागची वाट बंद झाली. शहराला वेढा पडला. आत थोडेसे सैनिक आणि आजूबाजूच्या गावांतून जीव वाचवून आलेले सुमारे ४० हजार शरणार्थी. समोर हिवाळा.

इतक्या माणसांना खायला काय घालायचं? वरून पॅराशूटने पोती टाकता येतात, पण त्याला मर्यादा आहेत. अर्धा माल भलतीकडे पडतो. तोफ टाकता येत नाही. आणि सगळ्यात महत्त्वाचं, वरून टाकणारं विमान परत जाताना कुणाला घेऊन जाऊ शकत नाही. जखमी तिथेच राहतात, लेकुरवाळ्या बायका तिथेच राहतात. पूंछ वाचवायचं तर विमान तिथे उतरायलाच हवं होतं.

म्हणून धावपट्टी करायची ठरली. बुलडोझर नव्हते. सैनिक आणि शरणार्थी, बाया-बापड्या, म्हातारी माणसं, सगळ्यांनी कुदळ-फावडी हातात घेतली. शेतांचे बांध फोडले, दगड वेचले, माती चोपली. काही दिवसांत पट्टी तयार झाली. पण ती केवढीशी! सुमारे ६०० यार्ड. तीन बाजूंनी नदी-नाले आणि भोवताली डोंगर, त्या डोंगरांवर शत्रू. विमानाने डोंगर ओलांडल्याबरोबर एकदम खाली सूर मारायचा आणि पट्टी संपायच्या आत थांबायचं. इकडे-तिकडे झालं तर सरळ नाल्यात.

डकोटा या पट्टीवर उतरू शकेल का? पुस्तकातलं उत्तर ‘नाही’ असं होतं.

डिसेंबर १९४७ मध्ये पूंछच्या पट्टीवर पहिली डकोटा उतरली. चालवत होते स्वतः एअर कमोडोर मेहर सिंग आणि सोबत होते एअर व्हाइस मार्शल सुब्रतो मुखर्जी, जे पुढे हवाई दलाचे पहिले भारतीय प्रमुख झाले. त्या एका उड्डाणानंतर वाद संपला. जे विमान प्रमुखाने उतरवून दाखवलं, ते आपल्यालाही उतरवता येईल, असं प्रत्येक वैमानिकाला वाटू लागलं. मग जम्मूहून पूंछला रीघ लागली. येताना पीठ, मीठ, दारूगोळा, औषधं. सुमारे तीन टन वजन घेऊन विमानं त्या आखूड पट्टीवर उतरू लागली. जाताना जखमी, म्हातारी माणसं, बायका आणि पोरं. ज्यांनी आपल्या हातांनी माती चोपली, त्यांचीच लेकरं त्या मातीवरून उडून सुरक्षित जागी पोचली.

शत्रू गप्प बसला नाही. त्याने तोफा आणून धावपट्टीवरच मारा सुरू केला. दिवसा उतरणं म्हणजे मरण झालं. पूंछच्या ठाण्याला मोठ्या तोफा पोचवल्याशिवाय हा मारा थांबणार नव्हता आणि तोफा पोचवायच्या तर विमान उतरवायला हवं. यातून एकच वाट निघत होती. मार्च १९४८ मध्ये रात्रीच्या अंधारात, मिणमिणत्या दिव्यांच्या आधाराने डकोटा पूंछला उतरली आणि पंचवीस पौंडी तोफा ठाण्यात दाखल झाल्या. दिवसा अवघड असलेली ती पट्टी रात्री वापरली गेली.

याच काळात भारताकडे जड बाँबफेकी विमानं हाताशी नसल्याने डकोटाच्या दारातून हातांनी बाँब ढकलण्याचाही प्रकार झाला. मालवाहू विमान, एरवी पोती वाहणारं. त्याचंच बाँबफेकी विमान केलं. अडचणीत सापडलेल्या घरातली बाई एकाच भांड्यात सगळा स्वयंपाक करते ना, तसंच हे.

पूंछचा वेढा नोव्हेंबर १९४८ मध्ये उठला. जवळजवळ एक वर्ष ते शहर आकाशाच्या दोरीला धरून जिवंत राहिलं.

लेह : नकाशात नसलेली वाट

आता लडाखकडे वळू. गिलगिट १९४७ च्या नोव्हेंबरातच गेलं होतं. फेब्रुवारी १९४८ पासून स्कार्दूला वेढा होता. मे महिन्यात कारगिल पडलं. श्रीनगर ते लेह हा रस्ता तुटला. आता लेहवर कधीही घाला येणार होता आणि तिथे रक्षणाला होते फक्त काही डझन सैनिक.

ते तरी तिथे कसे पोचले? लाहौलचे अधिकारी पृथी चंद आणि खुशाल चंद यांनी चाळीसेक स्वयंसेवक जवानांना घेऊन भर हिवाळ्यात झोजीला पार केला. हिमप्रपातांचा तो काळ, वाट बर्फाखाली गाडलेली. मार्च १९४८ मध्ये ते लेहला पोचले. त्यांच्याबरोबर गेलेले लडाखी अभियंते सोनम नोरबू यांनी स्थानिक लोकांच्या मदतीने सिंधू नदीच्या काठी धावपट्टी तयार केली. समुद्रसपाटीपासून उंची साडेदहा हजार फुटांच्या वर.

पट्टी तयार झाली, पण तिथे विमान कोण नेणार?

इथे थोडं विमानशास्त्र समजून घेऊ, म्हणजे प्रकरण कळेल. विमानाला उचलते ती हवा. ११ हजार फुटांवर हवेची घनता समुद्रसपाटीच्या जेमतेम सत्तर टक्के असते. म्हणजे पंखांना आधार कमी, इंजिनाची ताकद कमी, उतरताना जमिनीवरचा वेग मात्र जास्त. थांबायला लांब पट्टी हवी आणि पुन्हा उडायला त्याहून लांब. आणि लेहला पोचायच्या आधी झोजीलाच्या पलीकडची रांग ओलांडायची. आजूबाजूला २३ हजार फुटांहून उंच शिखरं. डकोटाला एका जागी दोन इंजिनं आहेत खरी, पण त्या उंचीवर एक बंद पडलं तर दुसऱ्याच्या जोरावर ती तग धरू शकत नाही. १० हजार फुटांच्या वर माणसाला प्राणवायूची नळी हवी, नाहीतर डोकं जड होतं आणि निर्णय चुकायला लागतात. या विमानांत ती सोय नव्हती. पंखांवर बर्फ साचला तर तो काढायचं यंत्र नव्हतं. या मार्गाने याआधी कुणी विमान नेलेलं नव्हतं. वाटेत काही झालं तर उतरायला सपाट जागा नव्हती.

काश्मीरची डिव्हिजन तेव्हा मेजर जनरल थिमय्या यांच्याकडे होती. लेह वाचवायचं तर सैन्य विमानाने नेल्याशिवाय गत्यंतर नाही, हे त्यांना दिसत होतं. त्यांनी मेहर सिंगांना गाठलं. नियमाप्रमाणे हे उड्डाण करा असा हुकूम कुणाला देता येत नव्हता. मेहर सिंगांनी कुणाला हुकूम दिलाही नाही. स्वतः चालवायचं ठरवलं. आणि थिमय्यांनीही, माझे जवान ज्या विमानातून जाणार त्याच्या पहिल्या फेरीत मी बसणार, असं ठरवलं.

२४ मे १९४८. डकोटाने श्रीनगरहून उड्डाण केलं, झोजीला ओलांडला, फोटूलाची रांग ओलांडली आणि सिंधूच्या खोऱ्यात उतरून लेहच्या मातीच्या पट्टीवर टेकली. लेहच्या आकाशातून विमान येतं, हे तिथल्या लोकांनी पहिल्यांदा पाहिलं. काही जणांनी त्या विमानापुढे गवत आणून ठेवलं, इतक्या लांबून आलेलं जनावर भुकेलं असेल म्हणून, अशी गोष्ट लडाखमध्ये आजही हसत हसत सांगितली जाते.

गोष्ट गमतीची आहे, परिणाम मात्र गंभीर होता. वाट सापडली होती. पुढच्या काही दिवसांत गुरखा जवान विमानांनी लेहला उतरू लागले. स्कार्दू ऑगस्टमध्ये पडलं, पण लेह पडलं नाही. १ नोव्हेंबर १९४८ रोजी झोजीलावर भारतीय रणगाडे चढले, कारगिल परत मिळालं, लेहचा रस्ता पुन्हा जोडला गेला. १ जानेवारी १९४९ रोजी शस्त्रसंधी झाली तेव्हा लडाख आपल्याकडे होतं. मे महिन्यात ते विमान उतरलं नसतं तर नोव्हेंबरात जोडायला लेह उरलं असतं का? तुम्हीच विचार करा.

हे धाडस बरोबर होतं का?

आता सुरुवातीच्या प्रश्नाकडे येऊ. कुणी म्हणेल, हे शौर्य ठीक, पण शहाणपण आहे का? एका विमानात हवाई कारवाईचा प्रमुख आणि त्याच विमानात डिव्हिजनचा सेनापती. झोजीलाच्या पलीकडे एखादा ढग आडवा आला असता तर एका क्षणात आघाडीचे दोन्ही म्होरके गेले असते. सेनापतीने मागे राहून विचार करायचा असतो. शंका रास्त आहे. मीही ती उडवून लावणार नाही.

पण दुसरी बाजू पाहा. सुरक्षिततेचे नियम हे अनुभवातून लिहिलेले असतात. अमुक उंचीच्या वर जाऊ नका, अमुक लांबीच्या खाली उतरू नका, यामागे कुणाचं तरी रक्त असतं. ते नियम मोडायची वेळ आली तर मोडायचा अधिकार कुणाला? फाईलवर सही करणाऱ्याला? वीस-बावीस वर्षांच्या पोराला ‘जा आणि बघ जमतं का’ असं सांगणाऱ्याला? मेहर सिंगांचा हिशेब साधा होता. नियम मोडायचा तर त्याची किंमत आधी माझ्या अंगावर. मी परत आलो तर नियम बदलेल. नाही आलो तर तुम्ही दुसरी वाट शोधा.

यात आणखी एक बारकावा आहे. पूंछला काय, लेहला काय, त्यांनी एकदा उतरून दाखवलं ते टाळ्यांसाठी नव्हे. त्यांच्या मागून शंभर विमानं जाणार होती. पहिल्या उड्डाणात त्यांना वारा कुठून येतो, डोंगर ओलांडल्यावर किती खाली यावं लागतं, पट्टीचं कोणतं टोक मऊ आहे, हे कळलं. ते ज्ञान मागच्यांना मिळालं. आपल्याकडे वाट पाडणाऱ्याला मान असतो, कारण त्याच्या पावलांवरून बाकीचे चालतात. जो नुसता स्वतः उडी मारून पलीकडे जातो तो धाडसी. जो मागच्यांसाठी वाट करून ठेवतो तो सेनानी.

पदक आणि राजीनामा

आता यातला चटका लावणारा भाग. लेहच्या उड्डाणाला जेमतेम चार महिने झाले होते, पूंछचा वेढा अजून उठायचा होता, झोजीला अजून जिंकायचा होता आणि सप्टेंबर १९४८ मध्ये मेहर सिंग यांनी हवाई दलाचा राजीनामा दिला. मुख्यालयाशी त्यांचे मतभेद झाले होते. जी मोहीम त्यांनी उभी केली तिचा शेवट त्यांनी गणवेशात पाहिला नाही.

यात कुणाला दोष द्यायची घाई करू नये. ज्या स्वभावामुळे माणूस पुस्तकाबाहेरचं करून दाखवतो, तोच स्वभाव टेबलावरच्या टिपणांमध्ये आणि वरिष्ठतेच्या क्रमात मावत नाही. युद्धाला असा माणूस हवा असतो, कार्यालयाला तो जड जातो. हवाई दल तेव्हा स्वतःची घडी बसवत होतं, प्रमुख अजून इंग्रज होते, एअर मार्शल एल्महर्स्ट. संस्थेला शिस्त हवी होती. दोन्ही गरजा खऱ्या होत्या आणि त्या एकमेकींना भिडल्या. तोटा झाला तो देशाचा. हवाई वाहतुकीतला आपला सर्वांत अनुभवी सेनापती वयाच्या ३३ व्या वर्षी सेवेबाहेर गेला.

सेवेबाहेर पडल्यावर ते पतियाळाच्या महाराजांचे सल्लागार झाले. २६ जानेवारी १९५० रोजी देश प्रजासत्ताक झाला आणि काश्मीरच्या लढाईतल्या वीरांना नव्या भारताची शौर्यपदकं जाहीर झाली. मेहर सिंग यांना महावीर चक्र मिळालं, परमवीर चक्रानंतरचं सर्वोच्च युद्धपदक. डीएसओ आणि महावीर चक्र, एक इंग्रजी राजवटीचं आणि एक स्वतंत्र भारताचं, दोन्ही एकाच छातीवर. काश्मीरच्या त्याच हवाई मोहिमेत विंग कमांडर हृषीकेश मुळगावकर या मुंबईच्या वैमानिकालाही महावीर चक्र मिळालं. मुळगावकर पुढे १९७६ मध्ये हवाई दलाचे प्रमुख झाले. मेहर सिंगांच्या नशिबी तेवढं आयुष्य नव्हतं.

मार्च १९५२ मध्ये जम्मूहून दिल्लीकडे विमानाने येत असताना ते वादळात सापडले. विमान कोसळलं आणि मेहर सिंग गेले. सदतिसावा वाढदिवस काही दिवसांवर आला होता.

आपण काय घ्यायचं?

आज मुंबई, दिल्लीहून लेहला जाणारं विमान आपण सहलीसाठी पकडतो. खिडकीतून बर्फाची शिखरं पाहतो, फोटो काढतो. सियाचिनच्या जवानाला भाकरी मिळते ती विमान आणि हेलिकॉप्टरने. दौलत बेग ओल्डीसारख्या १६ हजार फुटांवरच्या धावपट्टीवर आपलं हवाई दल मालवाहू विमान उतरवतं. उंच हिमालयात विमानाने सैन्य पोसायचं, ही आता आपली नेहमीची गोष्ट झाली आहे. तिची पहिली ओळ पूंछला आणि लेहला लिहिली गेली.

हवाई दल ‘बाबां’ना विसरलं नाही, हीही समाधानाची बाब. २०१८ मध्ये हवाई दलाने झुंडीने उडणाऱ्या ड्रोनसाठी देशभरातल्या तरुण अभियंत्यांची स्पर्धा जाहीर केली. संकट आलं तर दुर्गम ठिकाणी मदत कशी पोचवायची, असा तिचा विषय. तिला नाव दिलं ‘मेहर बाबा स्पर्धा’. नाव योग्य माणसाचं दिलं, असंच मी म्हणेन.

आपल्यापैकी फार थोडे जण कधी विमान चालवतील. पण आपल्यातला प्रत्येक जण कुठे ना कुठे चार माणसांच्या पुढे उभा असतो. घरात, कार्यालयात, शाळेत, सोसायटीत, शेतावर. अवघड काम समोर आलं की दुसऱ्याला पुढे करायचं आणि आपण सूचना द्यायच्या, ही सवय सहज लागते. अशा वेळी हा सरदारजी आठवावा. लेकुरवाळ्या बायका, जखमी जवान आणि ४० हजार भुकेल्या माणसांच्या प्रश्नाला त्याने भाषणाने उत्तर दिलं नाही. विमानात बसला, दार लावून घेतलं आणि आधी स्वतः जाऊन उतरला.

हा भाग तुमच्या घरातल्या मुलांना जरूर वाचून दाखवा. लेहला जाणार असाल तर विमान खाली उतरताना क्षणभर २४ मे १९४८ ची आठवण काढा. पुन्हा भेटू पुढच्या भागात.

जय हिंद.